माझ्या नावावरचा डंपर

२०२३ सालची गोष्ट. आंगणेवाडीची जत्रा चार दिवसांवर आली होती. आमच्या मसुऱ्यात त्या दिवसांत घरोघरी पाहुणे. मी रात्री उशिरापर्यंत गाद्या-चादरी काढत होते. एवढ्यात यांचा फोन आला, "अगो, डंपर पकडलो!"

डंपरमध्ये दोन ब्रास वाळू होती आणि पास नव्हता. सासूबाई देवापुढे जाऊन बसल्या. हे पहाटे घरी आले ते एकच म्हणत, "सगळेच भरतत. माका एकट्याक धरल्यानी."

खरा धक्का तिसऱ्या दिवशी बसला. नोटीस आली ती माझ्या नावाची! डंपर घेताना कर्ज माझ्या नावावर काढलं होतं. गॅसवर वरण उकळत होतं आणि मी पदराला हात पुसून, न वाचता, दाखवतील तिथं सह्या केल्या होत्या. बी. ए. झालेली मी, शाळेत मुलांना 'आधी प्रश्न नीट वाचा' म्हणून बजावणारी!

खुलासा लिहायचं काम अर्थातच माझ्याकडे आलं. हे म्हणाले, "पास घरी विसरला असं लिही." पण हल्लीचा पास संगणकावरच्या 'महाखनिज' प्रणालीतून निघतो. गाडीचा नंबर, वेळ, माल कुठून कुठे चालला, सगळं त्यात असतं. खोटं एका दिवसात उघडं पडलं असतं. आणि पडलं नसतं तरी सही माझी होती. मी म्हटलं, "खोटं लिहिणार नाही." हे दोन दिवस माझ्याशी बोलले नाहीत.

त्या दोन दिवसांत मलाही एक गोष्ट आठवली. आमच्या पडवीवर स्लॅब घातला तेव्हा वाळू अशीच रात्री दोनला आली होती. स्वस्त पडली म्हणून मी खूश. ड्रायव्हरला चहासुद्धा मीच करून दिला. पासाचा शब्द काढला नाही. कालावल खाडीच्या काठावर राहणारी माझी एक विद्यार्थिनी सांगत होती, त्यांचे दोन माड पाण्यात गेले. काठाजवळची वाळू उपसली की काठाचा पायाच सुटतो. तेव्हा मी नुसती हळहळले होते. आता आमच्या पडवीकडे बघवेना.

मैत्रिणींनो, गाडी सोडवायची म्हणजे काय ते मला तेव्हा कळलं. महसूल कायद्याच्या कलम ४८ प्रमाणे वाळूच्या बाजारभावाच्या पाचपटीपर्यंत दंड होतो. गाडीचा दंड निराळा. २०१८ च्या जानेवारीत ठरलेल्या दरानं डंपरला २ लाख! शिवाय 'पुन्हा या गाडीतून अशी वाहतूक करणार नाही' असं गाडीच्या किमतीपर्यंतचं हमीपत्र द्यावं लागतं. आरसी बुक, विमा, पंचनाम्याची प्रत, दंड भरल्याची चलनं असं सगळं एका फायलीत लावून मी तहसील आणि प्रांत कचेरीच्या खेपा घातल्या. शाळेची रजा गेली ती वेगळीच.

माझ्या पाटल्या बँकेत गहाण गेल्या. गाडी उभी असली तरी कर्जाचा हप्ता थांबत नाही. एक्केचाळिसाव्या दिवशी डंपर सुटला तेव्हा बॅटरी उतरलेली, एक टायर बसलेला. हमीपत्रावर मात्र मी प्रत्येक ओळ वाचून सही केली. यांनी शेजारी उभं राहून ऐकली.

आता आमच्याकडे एक रीत आहे. गाडी भरली की पासाचा फोटो माझ्या फोनवर येतो, मगच चाक हलतं. एकदा आला नाही, तेव्हा मीच फोन करून गाडी रिकामी परत बोलावली. सासूबाई पुटपुटल्या, "बायलेच्या हुकमान गाडी चलता!" पण त्याच आता विचारतात, "पास इलो काय गो?" १० जून ते ३० सप्टेंबर उपसा बंद असतो. त्या महिन्यांच्या हप्त्यासाठी मी दर महिन्याला थोडे बाजूला टाकते.

तुमच्याही नावावर एखादी गाडी असेल, तर तिची कागदं आजच काढून वाचा. आणि घराला वाळू घ्याल तेव्हा पास मागून घ्या.

माझ्या पाटल्या अजून बँकेतच आहेत. दिवाळीपर्यंत सुटतील असं हे म्हणतात.