कोपऱ्यातली अक्षरे

संध्याकाळचे सात वाजले म्हणजे आमच्या समथरच्या घरात मराठी जागी होते. एरवी तिला येथे फारसे काम नसते. दूधवाल्याशी, भाजीवाल्याशी, शाळेच्या मास्तरांशी हिंदी, शेजारीपाजारी बुंदेली, आणि सूनबाई कानपूरच्या असल्यामुळे स्वयंपाकघरातही हिंदीच. चिरंजीव बँकेतून दमून येतात ते त्याच भाषेत आकडे मोजीत येतात. राहता राहिलो आम्ही आणि आमचा तेरा वर्षांचा नातू. परंतु एका म्हाताऱ्याशी बोलून बोलून पोर किती बोलणार? भाषा ही बरोबरीच्या मुलांत भांडायला सापडली तरच टिकते, हे बृहन्महाराष्ट्रातल्या आमच्यासारख्यांना कोणी शिकवायला नको.

समथर झाशी जिल्ह्यात आहे. कानपूरच्या गाडीने मोंठ स्थानकावर उतरावे आणि पुढे सडकेने यावे. पहूज आणि बेतवा या नद्यांच्या मधला हा मुलूख. येथे गुर्जर राजघराण्याचे लहानसे संस्थान होते. १८१७ मध्ये त्याने इंग्रजांशी तह केला, आणि त्याचा किल्ला अद्याप गावावर नजर ठेवून उभा आहे. याच जिल्ह्यातल्या झाशीला नारोशंकरांच्या काळापासूनची मराठी वस्ती आहे, गणेशमंदिर आहे, चार घरी आमटीला फोडणी बसते. समथरात मात्र मराठी बोलणारे दुसरे घर आम्हांस ठाऊक नाही. चिरंजीवांची बदली झाली आणि त्यांच्यामागून आम्हीही आलो.

अशा गावी सात वाजता मराठी जागी होते ती एका खेळामुळे, हे सांगताना आम्हांस किंचित संकोच वाटतो. नातवाचा आतेभाऊ पुण्यास असतो. दोघे आपापल्या संगणकापुढे बसतात, कानांवर ते जाडजूड हेडफोन चढवतात, आणि कोठल्याशा काल्पनिक रणांगणावर एकमेकांच्या पाठीशी उभे राहून लढतात. बंदुकांच्या त्या खेळाविषयी आमचे मत फारसे चांगले नव्हते. पण एके दिवशी दाराशी उभे राहून आम्ही ऐकले. पुण्याचा दादा म्हणत होता, "कव्हर घे, कव्हर घे!" आणि आमचा बुंदेलखंडी वीर ओरडत होता, "दादा, तू आडोशाला ये, मी टेहळणी करतो!" 'आडोसा' आणि 'टेहळणी' हे शब्द त्याने आमच्याकडून उचलले होते, आणि ते पुण्याला निर्यात होत होते. त्या दिवसापासून आम्ही खेळाविरुद्ध बोलणे सोडले.

गेल्या उन्हाळ्यात जुना संगणक कायमचा बंद पडला. आमच्या पेन्शनीतून आम्ही एक वापरलेला संगणक विकत घेऊन दिला. नातवाने मोठ्या उत्साहाने खेळ उतरवून घेतला; गावातल्या इंटरनेटच्या चालीने त्याला दीड रात्र लागली. खेळ सुरू करण्याची कळ दाबली, आणि पडद्यावर एक चौकट उमटली. अँटी-चीट नावाचा कार्यक्रम बसवता आला नाही, असे सांगून तिने खाली एक लांबलचक आकडा दिला होता आणि 'ठीक आहे' अशी एकच कळ. ठीक तर काहीच नव्हते!

"आजोबा, हे होत नाही आहे," नातू म्हणाला. त्याच्या मराठीत हिंदी डोकावू लागली म्हणजे तो रडकुंडीला आला आहे असे आम्ही समजतो.

हे अँटी-चीट म्हणजे काय, हे आम्हांस तोवर ठाऊक नव्हते. खेळात लबाडी करणारे काही थोडे नसतात. कोणी भिंतीपलीकडचा शत्रू दिसेल अशी युक्ती करतो, कोणी नेम आपोआप लागेल अशी. त्यांना पकडण्यासाठी खेळाबरोबर एक पहारेकरी येतो. पंकबस्टर नावाचा असा पहारेकरी २००० साली आला, व्हॉल्व्ह कंपनीचा व्हॅक २००२ साली, आणि पुढे बॅटलआय, ईझी अँटी-चीट असे अनेक. पहाऱ्याची गरज खोटी आहे असे कोणी म्हणू नये. २०१८ च्या ऑक्टोबरात शांघायच्या एका स्पर्धेत भारतीय संघाचाच एक खेळाडू भर सामन्यात पकडला गेला. लबाडीच्या कार्यक्रमाला त्याने 'वर्ड' असे साळसूद नाव दिले होते. त्याला पाच वर्षांची बंदी झाली, आणि त्याच्या निरपराध सोबत्यांचा संघही मोडला.

आता दुरुस्तीला आरंभ झाला. पुण्याचा दादा फोनवरून सांगे, नातू करी, आणि आम्ही वहीत लिहून घेत असू. कारण काय केले हे लिहून ठेवले नाही तर मनुष्य तेच तेच पुन्हा करतो, हा आमच्या कचेरीतल्या तीस वर्षांचा अनुभव. पहिल्या दिवशी संगणक बंद करून पुन्हा चालू केला. मग खेळ व्यवस्थापकाच्या अधिकाराने उघडून पाहिला. दुसऱ्या दिवशी खेळाच्या फोल्डरात शिरून पहारेकऱ्याचा स्वतःचा स्थापना-कार्यक्रम शोधला आणि त्यातली 'दुरुस्ती'ची कळ दाबली. खेळाच्या सर्व फायली शाबूत आहेत ना, याची तपासणी करविली. त्या शाबूत होत्या. तिसऱ्या दिवशी विंडोजच्या सेवांच्या यादीत पहारेकऱ्याचे नाव आहे का ते पाहिले, नव्हते. व्हायरसरोधक कार्यक्रम त्याला अडवीत असेल म्हणून तिकडे गेलो, तर तो मुळातच बंद होता. तो कोणी बंद केला, याचा विचार आम्ही तेव्हा करावयास हवा होता. केला नाही. सगळे काढून टाकून नव्याने बसवले, आणि पुन्हा तीच चौकट, तोच आकडा.

चौथ्या दिवशी आमचा तोल गेला. "ज्याने लबाडी केली नाही त्याची झडती कशाला?" आम्ही म्हणालो. "हा पहारेकरीच नालायक आहे!" नातवालाही ते पटले. आपला राग वडीलधाऱ्यांनी मान्य केला म्हणजे मुलांना किती बरे वाटते!

त्याच रागात आम्ही या पहारेकऱ्याची अधिक चौकशी केली, आणि जे कळले त्याने राग वाढला. संगणकाच्या अंतरंगात देवळासारखी व्यवस्था असते. सभामंडपात कोणीही यावे, गाभाऱ्यात मात्र मोजक्यांनीच. इंटेलच्या १९८२ सालच्या ८०२८६ या प्रक्रियकापासून अशी चार वलये आखलेली आहेत. विंडोजने त्यांतली पहिले आणि शेवटचे अशी दोनच वापरात ठेवली. आपले खेळ, पत्रे, हिशेब हे सारे सभामंडपात. यंत्राचा प्राण, ज्याला कर्नल म्हणतात, तो गाभाऱ्यात. पूर्वी पहारेकरीही सभामंडपात बसे. परंतु लबाड लोक गाभाऱ्यात शिरू लागले, आणि मंडपातून गाभाऱ्यातले दिसत नाही. तेव्हा पहारेकरीही आत गेला. २०२० साली व्हॅलरंट या खेळाबरोबर आलेला व्हॅनगार्ड तर संगणक सुरू होतानाच गाभाऱ्यात जाऊन बसतो, मग त्या दिवशी खेळ खेळा अथवा न खेळा.

आत बसलेल्या पहारेकऱ्याची एक चूक किंवा गैरवापर किती महाग पडतो, याचे दाखलेही आहेत. २०२२ साली गेन्शिन इम्पॅक्ट या खेळाच्या पहारेकऱ्याचा ड्रायव्हरच खंडणीखोरांनी उचलला आणि त्याच्या जोरावर दुसऱ्यांच्या संगणकांवरचे व्हायरसरोधक बंद पाडले. १९ जुलै २०२४ रोजी क्राउडस्ट्राइकच्या, म्हणजे खेळाच्या नव्हे तर कचेऱ्यांच्या पहारेकऱ्याच्या, एका सदोष फायलीने सुमारे ८५ लाख संगणक निळे पडले आणि जगभर विमाने खोळंबली. हे सारे आम्ही नातवाला आवेशाने वाचून दाखवले. तो म्हणाला, "पण आजोबा, दादाकडे चालतं आहे."

पाचव्या दिवशी दादाने पडद्याचे छायाचित्र मागितले. नातवाने पाठवले. फोनवर थोडा वेळ शांतता होती, मग दादाने विचारले, "आजोबा, खाली उजव्या कोपऱ्यात काय लिहिलंय ते पाहिलंत का?"

आम्ही चष्मा पुसून पाहिले. घड्याळाच्या वर, चित्रावर अगदी फिकट अक्षरांत 'टेस्ट मोड' असे शब्द होते. संगणक घरात आल्यापासून ते तेथे होते. संगणकाच्या बनावटीचे काही नाव असेल, असे समजून आम्ही त्यांच्याकडे पाहणेही सोडले होते.

दादाने समजावून दिले ते असे. विंडोजच्या ६४-बिटी आवृत्त्या गाभाऱ्यात शिरणाऱ्या प्रत्येक ड्रायव्हरची सही तपासतात. विश्वासू सही नसेल तर प्रवेश नाही. जे स्वतः ड्रायव्हर बनवतात त्यांना आपला माल तपासून पाहता यावा म्हणून ही अट सैल करण्याची सोय ठेवली आहे. तीच टेस्ट मोड. ती चालू असताना गाभाऱ्याचे दार जवळजवळ उघडेच. ज्या घराचे दार असे उघडे, तेथे पहारा करण्यास पहारेकऱ्याने नकार दिला होता. तो नालायक नव्हता. आमचे घर नालायक होते.

"पण हे चालू कोणी केलं?" नातवाने विचारले.

आम्हांस एकदम ती दुकानातली दुपार आठवली. विक्रेत्याने विचारले होते, "साहेब, विंडोज असली टाकू की नुसती चालणारी?" असलीचे पैसे निराळे पडणार होते. आम्ही हसून म्हणालो होतो, "चालणारी टाका हो, मुलाला खेळायलाच तर पाहिजे!" त्याने ती टाकली. फुकटची प्रत निमूटपणे चालावी म्हणून सही तपासणे बंद केले, व्हायरसरोधक बंद केला, आणि सुरू होताना यंत्राची खातरजमा करणारी सिक्युअर बूट ही सोयही बंद ठेवली. आम्ही घासाघीस जिंकल्याच्या आनंदात घरी आलो. विक्रेत्याने आम्हांस फसवले नाही. त्याने विचारले होते, आणि आम्ही उत्तर दिले होते.

ज्या मनुष्याने तीस वर्षे कचेरीत कोणाच्या चहालाही हात लावला नाही, तो आपल्याविषयी एक चित्र बाळगून असतो. ते चित्र भंगले तेव्हा समोर नातू उभा होता. त्याने साधाच प्रश्न केला.

"आजोबा, ते फुकटचं होतं हे तुम्हाला माहीत होतं?"

उत्तराला आडोसे पुष्कळ होते. सगळेच तसे करतात. कंपन्या काय थोड्या श्रीमंत असतात. म्हाताऱ्या माणसाला यांतले काय कळते. यांतला शेवटचा तर नातवाने आनंदाने मान्य केला असता. आम्ही म्हणालो, "हो, माहीत होतं. पैसे वाचवायला घेतलं." तो काही बोलला नाही. थोड्या वेळाने त्याने दादाला फोन लावला आणि म्हणाला, "दादा, असली टाकायची आहे. काय काय लागतं सांग."

मग जे केले त्यात गंमत फारशी नाही. दादाने सांगितलेली एक ओळ काळ्या खिडकीत लिहून टेस्ट मोड बंद केली. त्यासरशी फुकटची विंडोज कुरकुरू लागली आणि पहारेकऱ्याने आता कोणत्याशा फायलीवर संशय घेतला. ठिगळाला ठिगळ लावण्यात अर्थ नव्हता. परवान्याची प्रत विकत घेतली. मुलाचे शाळेचे कागद पेनड्राइव्हवर काढून घेतले. यंत्राच्या मूळ मांडणीत जाऊन जुन्या 'लेगसी'ऐवजी 'यूईएफआय' निवडले, डिस्क पूर्ण पुसून विंडोज नव्याने बसवली, सिक्युअर बूट चालू केले. पुन्हा दीड रात्र खेळ उतरत राहिला. शेवटी कळ दाबली, तेव्हा पहारेकरी अर्ध्या मिनिटात येऊन बसला. ज्यासाठी आठ दिवस गेले, त्याने आपण आल्याचे सांगितलेसुद्धा नाही.

त्याच्यावरचा आमचा आक्षेप सर्वस्वी गेला आहे असे नाही. घराच्या गाभाऱ्यात परका मनुष्य बसवावा लागतो, तो काय पाहतो हे आपण पाहू शकत नाही, आणि आपला प्रामाणिकपणा त्याने मानावा म्हणून किल्ली आधी त्याच्या हाती द्यावी लागते, हे आम्हांस आजही खटकते. कंपन्यांनी याची उत्तरे द्यावयास हवीत. परंतु तो आक्षेप घेण्याचा अधिकार आम्हांस त्या चौथ्या दिवशी नव्हता, एवढे खरे. आमच्या हातची कवाडे सताड उघडी होती आणि आम्ही पहाऱ्यावर निबंध वाचीत होतो. आणि एक गोष्ट अशीही आहे की तो फक्त यंत्र तपासतो. दुकानात हसून दिलेले उत्तर कोणत्याही वलयात बसून त्याला ऐकू आले नसते. ते ऐकावयास घरचेच माणूस लागले.

त्या आठ दिवसांत खेळ बंद होता, पण सात वाजताचा फोन बंद नव्हता. 'दुरुस्ती', 'परवाना', 'खातरजमा' असे कितीतरी शब्द नातवाच्या तोंडी बसले. 'सही' हा शब्द त्याला ठाऊक होता, पण हिंदीतल्या अर्थाने, म्हणजे 'बरोबर'. मराठीत सही म्हणजे स्वाक्षरी, हे कळल्यावर तो बराच वेळ हसत होता.

काल संध्याकाळी आम्ही त्याच्या खोलीत डोकावलो. खेळ सुरू व्हायचा होता, पडदा मोकळा होता. आमची नजर आपोआप खालच्या उजव्या कोपऱ्याकडे गेली. तेथे आता केवळ घड्याळ होते, आणि त्यात सात वाजत आले होते. नातवाने हेडफोन चढवले, आमच्याकडे वळून पाहिले आणि म्हणाला, "आजोबा, दार लोटून घ्या ना." आम्ही दार लोटून घेतले, आणि नेहमीप्रमाणे त्याच्या बाहेर उभे राहिलो.