पत्रिका जुळत नाही

ताईला बघायला पहिल्यांदा पाहुणे आले तेव्हा मी आठवीत होतो. माझी कामं ठरलेली: शेजारून चार खुर्च्या आणायच्या, पाहुण्यांना नाक्यावरून घरी आणायचं आणि ते असेपर्यंत आत गप्प बसायचं. "पोहे हिनंच केलेत," आई सांगायची. केलेले असायचे आईनंच. पाहुण्यांनाही ते कळत असणार, त्यांच्याही घरी मुली होत्या.

चार दिवसांनी मध्यस्थ काकांचा फोन आला. "पत्रिका जुळत नाही म्हणतायत."

बाबांनी खरंच पंचांग काढलं. ३६ पैकी २६ गुण. एकनाड असती तर नाडीचे ८ गुण गेले असते, तीही नव्हती. शिवाय पत्रिका जुळल्यावरच तर बघायचा कार्यक्रम ठरला होता! बाबांनी काही न बोलता पंचांग मिटलं.

असं पाच वेळा झालं. कुणाला दुखवायला नको म्हणून लोक पत्रिकेचं नाव पुढे करतात, हे मला मान्य आहे. पण खरं कारण कळत नाही, मग ते घरच्यांनाच शोधावं लागतं. उंची? चष्मा? रंग? बाबांची नोकरी? प्रत्येक नकारानंतर ताई स्वतःत एक नवी खोट काढायची. एकदा तिनं मला विचारलं होतं, "मी हसताना वाईट दिसते का रे?"

पुढे तिचं लग्न झालं, चांगलं चाललंय.

गेल्या वर्षी मी मुलगी बघायला गेलो. नाक्यावर तिचा धाकटा भाऊ उभा होता, शर्टाची घडी अजून मोडलेली नव्हती. मुलगी छान होती. गॅलरीत पंधरा मिनिटं बोललो, पण मला काहीच वाटलं नाही.

घरी आल्यावर आई म्हणाली, "पत्रिकेचं सांगून टाकू. उगाच वाईट वाटायला नको त्यांना."

ताई माहेरी आलेली होती. ती म्हणाली, "तूच फोन कर तिला. नीट सांग."

केला. "आपलं जमेल असं मला वाटत नाही. तुमच्यात कमी काहीच नाही," मी म्हणालो.

ती जरा वेळ गप्प होती. मग म्हणाली, "मग का नाही?"

मला काही सुचेना. गुण तर आमचे ३० जुळत होते.