वीस मिनिटांतले आवाज

'लिसन टू ब्रिटन', 1942. लांबी सुमारे वीस मिनिटं. दिग्दर्शन आणि संकलन हम्फ्री जेनिंग्ज व स्टुअर्ट मॅकॲलिस्टर यांचं. युद्धकाळातली साधी माणसं आणि त्यांच्याभोवतीचे आवाज. निवेदन नाही. बॉम्ब पडत नाही, शत्रूही दिसत नाही. युद्धावरचे इतके सच्चे चित्रपट थोडेच आहेत.

रात्री आगगाडी सिग्नलला थांबते. डब्यात कॅनडाचे सैनिक गात बसलेले. इंजिन वाफेचं. ब्रिटिश रेल्वेची वाफेवरची नेहमीची प्रवासी वाहतूक ऑगस्ट 1968 मध्ये संपली.

खाणकामगार दिवे घेऊन पाळीवर निघतात. केलिंग्ली ही देशातली शेवटची खोल कोळसाखाण. ती डिसेंबर 2015 मध्ये बंद झाली.

एका घरात एक बाई आवराआवर करते आहे. बाहेर शाळेच्या पटांगणात मुलं जोडीजोडीनं नाचताहेत. ती खिडकीतून बघते. घरात एका सैनिकाचा फोटो आहे. तो तिचा कोण, परत आला की नाही, चित्रपट सांगत नाही. ती मुलं आता नव्वदीच्या आसपास असतील. जी आहेत ती.

कारखान्यात कर्ण्यावर गाणी लागतात. यंत्रावर बसलेल्या बायका हात न थांबवता सूर धरतात. 'म्युझिक व्हाइल यू वर्क' हा बीबीसीचा कार्यक्रम 1940 मध्ये सुरू झाला. त्याचं रोजचं प्रसारण 1967 मध्ये थांबलं.

नॅशनल गॅलरीच्या भिंती उघड्या. चित्रं वेल्समधल्या पाटीच्या दगडाच्या खाणीत हलवलेली. मायरा हेस पियानोवर मोझार्ट वाजवते. दुपारच्या सुट्टीत आलेली माणसं खात खात ऐकतात. श्रोत्यांत राणी बसलेली. तिकीट एक शिलिंग. युद्ध संपल्यावर चित्रं परतली. गॅलरीतल्या या दुपारच्या मैफली एप्रिल 1946 मध्ये बंद झाल्या. तोवर 1698 झाल्या होत्या.

असे चित्रपट पडदा आणि प्रोजेक्टर घेऊन गाड्या गावोगावच्या सभागृहांत आणि कारखान्यांत पोहोचवत. त्या पाठवणारं माहिती मंत्रालय 1946 मध्ये गेलं. जेनिंग्ज 1950 मध्ये ग्रीसच्या पोरोस बेटावर कड्यावरून पडून गेला. वय 43. चित्रपट बनवणारं क्राउन फिल्म युनिट 1952 मध्ये बंद झालं.

शेवटाकडे पोलादाचा कारखाना येतो. तापलेलं लोखंड, ठिणग्या, घणघणाट. वेल्समध्ये पोर्ट टॅलबटची शेवटची झोतभट्टी 30 सप्टेंबर 2024 रोजी बंद झाली. त्याच दिवशी कोळशावर चालणारं ब्रिटनमधलं शेवटचं वीजकेंद्रही थांबलं.