पाय ओढण्याची विद्या

बरणीतल्या खेकड्यांची गोष्ट ठाऊक नाही असा मराठी माणूस विरळाच. त्या बरणीला म्हणे झाकण लागत नाही. एक वर चढू लागला की दुसरा त्याचा पाय ओढतो. आम्हां मालवणी मुलुखातल्या माणसांची आणि कुर्ल्यांची गाठ बरणीपेक्षा कालवणात अधिक पडते, म्हणून की काय, ती गोष्ट मला फारशी झोंबत नाही. शिवाय पाय ओढणे ही मोठी मानाची विद्या आहे असे मानणारी पोरे मी ओरोसच्या मैदानावर नेहमी पाहतो. ती कबड्डी खेळतात.

कबड्डीत टाळ्या पडतात त्या चढाई करणाऱ्याला. डाव्या कोपऱ्यात वाकून उभ्या असलेल्या रक्षकाकडे कोण पाहतो? चढाई तीस सेकंदांची. त्यांतली बहुतेक त्याने वाट पाहण्यात घालवायची आणि पाय टप्प्यात आला की झेपावून घोटा धरायचा. क्षणभर घाई झाली तर पाय सुटतो, चढाईवाला मध्यरेषा गाठतो आणि हा बाद!

माझा एक विद्यार्थी असाच कोपऱ्यातला. एकदा म्हणाला, "सर, कोपऱ्यात उभो रवान माझा काय होतला?" त्याच्या बापाचाही प्रश्न तोच. सरकारी नोकरीत खेळाडूंना पाच टक्के आरक्षण आहे खरे. पण तिथवर पोचणारे थोडे, आणि वाटेत गुडघा गेला तर विचारणारे त्याहून थोडे. खोटी आशा कशी दाखवावी? मी त्याला मोहम्मदरझा शादलुईची हकीकत सांगितली.

हा इराणी तरुणही डाव्या कोपऱ्यातलाच. प्रो कबड्डीत तो प्रथम पाटण्याकडून खेळला. ७ ऑक्टोबर २०२३ रोजी हांगझौच्या आशियाई स्पर्धेत अंतिम सामन्यात तो भारताविरुद्ध उभा होता. एका गुणावरून खेळ बराच वेळ थांबला, वाद झाला. अखेर भारत ३३-२९ असा जिंकला. त्यानंतर काही दिवसांतच पुणेरी पलटणने त्याला लिलावात २ कोटी ३५ लाखांना घेतले! कप्तान कोण? आपल्या नगर जिल्ह्याचा अस्लम इनामदार, हांगझौच्या भारतीय संघातलाच. कालचे प्रतिस्पर्धी एका साखळीत हात गुंफून उभे राहिले, आणि १ मार्च २०२४ रोजी हैदराबादेत हरियाणा स्टीलर्सला २८-२५ असे हरवून पलटण प्रथमच विजेती ठरली. हंगामातला उत्कृष्ट रक्षक शादलुईच. पुढच्या हंगामात तो त्याच हरियाणाकडे गेला, आणि २९ डिसेंबर २०२४ ला पुण्यातच हरियाणा विजेता झाला. सदरे बदलले, कोपरा तोच राहिला.

खेकड्यात आणि या पोरांत फरक आहे तो इथे. खेकडा आपल्याच सोबत्याचा पाय ओढतो. कोपऱ्यातला गडी परक्याचा घोटा धरून पालथा पडतो, रेषेकडे फरफटत जातो, तेव्हा त्याचा सारा भरवसा एकाच गोष्टीवर असतो: आपली माणसे धावून येतील. ती आली नाहीत, तर एकट्याने धरलेला पाय कितीसा टिकणार?

पोराने सगळे मन लावून ऐकले. मग विचारले, "सर, तेचो गुडघो बरो आसा मां?"