गिअर टाका, लाइट विझवा!

बालीला हनिमूनला जाऊन आलेल्या कुठल्याही कपलचा अल्बम उघडा. मंदिर, झोका, सनसेट... आणि मग तो एक फोटो हमखास सापडणारच. हेल्मेटपासून बुटांपर्यंत चिखलाने माखलेले दोघं, मागे हिरवीगार भातखाचरं आणि खाली जाडजूड टायरांची एटीव्ही. म्हणजे बघा, दोन तास चिखलात गाडी घालायची, अंगभर चिखल उडवून घ्यायचा आणि वर पैसेही आपणच द्यायचे! आजोळी असताना हे फुकट मिळायचं आणि त्याबद्दल ओरडाही बसायचा.

पण थ्रिल आहे बॉस, ते नाकारण्यात अर्थ नाही. एटीव्ही म्हणजे बाइकसारखं हँडल आणि खाली चार फुगीर चाकं. टायरमध्ये हवा कमी ठेवलेली असते, त्यामुळे वाळू असो की चिखल, चाक रुतण्याऐवजी पसरून पकड घेतं. अ‍ॅक्सिलरेटर उजव्या अंगठ्याखाली. बग्गीचा फंडा वेगळा. तिला स्टिअरिंग असतं, शेजारी सीट असते, पट्टे असतात आणि गाडी उलटली तर डोकं वाचावं म्हणून वर लोखंडी पाइपांचा पिंजरा. आपल्याकडे लोणावळ्याच्या आसपास असे ट्रॅक बरेच झालेत. मी दोनदा केलंय. धमाल येते, पण आखलेल्या मैदानात चार गोल चकरा मारल्या की खेळ खल्लास. कुठे ‘जाऊन आलो’ असं काही वाटत नाही.

जाऊन यायचं असेल तर नगर जिल्ह्यात या. (२०२४ पासून अहिल्यानगर. एसटी स्टँडवर मात्र अजून ‘नगर, नगर’ अशीच हाळी ऐकू येते.)

नगर म्हटलं की आपल्याला शिर्डी, शनिशिंगणापूर आणि साखर कारखाने आठवतात. ऑफ-रोडिंग आठवत नाही. खरं तर रस्ता सोडून गाडी चालवण्याचा धंदा या जिल्ह्याइतका सीरियसली क्वचितच कुणी केला असेल. रणगाड्यांच्या फौजेचं ट्रेनिंग सेंटर नगरला आहे. खारे-कर्जुनेच्या माळावर, ज्याला सगळे के. के. रेंज म्हणतात, तिथे रणगाडे धूळ उडवत तोफा डागतात. डीआरडीओची व्हीआरडीई नावाची लॅबही इथलीच. लष्कराच्या गाड्या कुठल्या खड्ड्यात किती टिकतात, हे बघणं हेच तिचं काम. हे सगळं अर्थातच तुमच्याआमच्यासाठी नाही. पण १९९४ साली सुरू झालेलं कॅव्हलरी टँक म्युझियम आहे. तिथे पहिल्या महायुद्धापासूनचे रणगाडे अगदी जवळून बघता येतात. जाच एकदा.

आपल्यासाठी जो भाग आहे तो जिल्ह्याच्या पार पश्चिम टोकाला, अकोले तालुक्यात. भंडारदरा!

इथे भाड्याची बग्गी शोधत बसू नका. इथली बग्गी म्हणजे जीप. शेंडी गावात, धरणाच्या अगदी जवळ, काळी-पिवळी आणि बोलेरोवाले उभे असतात. शाळेची पोरं, बाजाराचं सामान, पेशंट आणि वीकएंडला आपण, असा सगळा लोड याच गाड्या वाहतात. बहुतेकांना फोर व्हील ड्राइव्ह वगैरे काही नसतं. मागच्या दोन चाकांवर आणि ड्रायव्हरच्या अनुभवावर काम चालतं. आम्ही सात जणांनी एक जीप ठरवली. जूनचा पहिला आठवडा होता, पाऊस अजून घाटाखालीच घुटमळत होता.

तलावाला वळसा घालणारी फेरी साधारण चाळीसेक किलोमीटरची आहे. शेंडी, मुरशेत, पांजरे, उडदावणे, घाटघर, साम्रद, रतनवाडी, मुतखेल आणि परत शेंडी. ब्रिटिशांनी १९१० मध्ये प्रवरेवर बांधायला घेतलेलं विल्सन डॅम १९२६ मध्ये पुरं झालं आणि त्यामागे हे पाणी साठलं, आर्थर हिल लेक. डावीकडे पाणी, उजवीकडे कळसूबाईची रांग. १६४६ मीटर, महाराष्ट्राचं टॉप! रस्ता आता बराचसा डांबरी आहे. म्हणजे कागदोपत्री डांबरी. दर पावसाळ्यात त्याचा काही भाग वाहून जातो आणि मग ड्रायव्हरदादा स्टिअरिंगला सोडून देतात. (शब्दशः नाही हो! दोन बोटांनी धरतात आणि चाकाला आपली वाट शोधू देतात.) ‘धरून नका बसू ताई, गाडीबरोबर हला,’ ही मला मिळालेली ऑफ-रोडिंगची एकमेव टिप. ती जाम उपयोगी पडली. अंग ताठ ठेवलं की दणका कमरेत बसतो, सैल सोडलं की तो निघून जातो.

घाटघरला कोकणकड्यावर गाडी थांबली. इथे महाराष्ट्राचा पठारी भाग खाडकन तुटतो. खाली धुक्यात शहापूर तालुका. याच कड्याचा फायदा घेऊन इथे २५० मेगावॉटचा वीज प्रकल्प चालतो. विजेची गरज जास्त असते तेव्हा वरचं पाणी खाली सोडायचं, गरज कमी असते तेव्हा तेच परत वर खेचायचं. साम्रदला सांदण दरी आहे. दोन कातळांमधली चिंचोळी भेग, तिथे पायीच उतरावं लागतं. रतनवाडीचं अमृतेश्वर मंदिर आणि त्याची पुष्करणी बघायला अर्धा तास तरी काढा. या सगळ्यावर भरपूर लिहून झालंय, त्यामुळे पुढे.

पुढे म्हणजे तलावाचा तळ.

उन्हाळ्याच्या शेवटी भंडारदऱ्याचं पाणी खूप खाली जातं आणि काठाला रुंद, भुरा, सपाट पट्टा उघडा पडतो. अगदी बीचच! आणि बीच दिसला की शहरातल्या माणसाला गाडी आत घालायची खाज येतेच. आम्ही पोचलो तेव्हा त्या पट्ट्यावर टायरांच्या खुणांची नुसती रांगोळी होती. एक नवीकोरी एसयूव्ही, टपावर लाइट्सची माळ, मागे ‘बॉर्न टू रोम’चा स्टिकर, पाण्यापासून पन्नास फुटांवर पोटापर्यंत रुतून बसलेली. वरून कोरडी दिसणारी जमीन खाली लोण्यासारखी होती. गाडीचा मालक रेस करत होता आणि गाडी आणखी खाली जात होती. शेवटी गावातून ट्रॅक्टर आला. ओढायचे पैसे ठरले, दोर बांधला आणि पाच मिनिटांत विषय संपला. ट्रॅक्टरवाला विशीतला मुलगा, पायात स्लिपर. ‘शनिवारी दोन-तीन निघतातच,’ म्हणाला. आमचे ड्रायव्हरदादा मात्र हसले नाहीत. पाणी उतरलं की तळाच्या ओल्या गाळात काही ठिकाणी पीक घेतात. गाड्या नांगरून गेल्यावर तिथे काय उगवणार? मी गाड्यांचे फोटो काढत होते, ते जमीन बघत होते.

खरी गोष्ट अंधार पडल्यावर सुरू होते. मेअखेर ते पावसाचा जोर धरेपर्यंत, तीन-चार आठवडे, या भागात काजवे येतात. हिरडा, बेहडा, सादडा, जांभूळ, उंबर... एकेक झाड धरतात आणि अख्खं झाड एका तालात पेटतं, विझतं, पेटतं. मी आधी व्हिडिओ बघितले होते. सरळ सांगते, काही उपयोग नाही. कॅमेऱ्यात जे येतं ते दिवाळीतल्या चायनीज माळेसारखं दिसतं. प्रत्यक्षात ते झाड श्वास घेतंय असं वाटतं.

तर हा प्रकाश म्हणजे काजव्यांचं डेटिंग. नर उडत उडत चमकतो, मादी गवतात किंवा पानावर बसून खालून उत्तर देते. ते उत्तर त्याला दिसलं तर जोडी जमते. पूर्ण वाढ झालेल्या काजव्याकडे त्यासाठी जेमतेम काही आठवडे असतात. त्याआधीचं बरंचसं आयुष्य त्याने अळी बनून ओल्या मातीत, पालापाचोळ्यात गोगलगायी खात काढलेलं असतं. आता या सीनमध्ये एक हेडलाइट आणा. हाय बीम! नराला मादी दिसत नाही, मादीला नर दिसत नाही. आणि पार्किंगला जागा नाही म्हणून गाडी रस्ता सोडून गवतात घेतली, तर चाकाखाली येते ती मादी आणि पुढच्या वर्षीचा काजवा.

आम्ही गेलो त्या शनिवारी रतनवाडीच्या अलीकडे गाड्यांची रांग लागली होती. शहरात सिग्नलला लागते तशी. कुणी हॉर्न मारतंय, कुणी मोबाइलचा टॉर्च झाडावर मारून ‘दिसत नाहीयेत यार’ म्हणतंय. दिसणार कसे? आमच्या दादांनी गाडी बरीच अलीकडे, पक्क्या रस्त्यावर थांबवली. लाइट विझवले आणि म्हणाले, ‘पाच मिनिटं काही बोलू नका, डोळ्यांना अंधार कळू द्या.’ मग अर्धा किलोमीटर चालत नेलं. गाडीतून दिसलेली झाडं त्या झाडापुढे ट्रेलरसुद्धा नव्हती.

परतताना मी त्यांना विचारलं, गाड्या बंदच केल्या तर? ते थोडा वेळ गप्प राहिले. मग हिशेब सांगितला. भातलावणी सुरू झाली की सगळे शेतात. त्याआधीचे हे चार शनिवार-रविवार म्हणजे जीपवाल्याचा हप्ता, तंबूवाल्याची कमाई आणि पिठलं-भाकरी करणाऱ्या बायांच्या हातातला रोख पैसा. ‘लोक आलंच पायजे. पण त्यांनी गाडी शेंडीला लावावी अन् आमच्या गाडीत बसावं. मग काजवं बी राहत्याल अन् आमी बी.’

मला हे शंभर टक्के पटलं. सरळ गणित आहे. सात जणांच्या तीन गाड्यांऐवजी एक जीप. हेडलाइट एक तृतीयांश, आणि चालवणारा असा माणूस, ज्याला पुढच्या वर्षीही इथेच धंदा करायचाय. इथली जमीन म्हणजे काही ओसाड माळ नाही, हा कळसूबाई-हरिश्चंद्रगड अभयारण्याचा भाग आहे, १९८६ पासून. वनखातं सीझनमध्ये नाक्यावर प्रवेश फी घेतं, रात्रीच्या वेळा ठरवतं, हॉर्न आणि टॉर्चवर बंदी घालतं. नियम आहेत. पण रांगेतल्या शंभराव्या गाडीपर्यंत ते पोचत नाहीत.

आणि हे जगात कुठे जमतच नाही असंही नाही. ऑस्ट्रेलियात केगारी नावाचं बेट आहे, २०२३ पर्यंत त्याचं ऑफिशियल नाव फ्रेझर आयलंड होतं. जगातलं सगळ्यात मोठं वाळूचं बेट आणि ऑफ-रोडवाल्यांची पंढरी. तिथला ‘पंचाहत्तर मैल’ नावाचा बीच चक्क हायवे म्हणून वापरतात! पण फोर व्हील ड्राइव्हच पाहिजे, गाडीचं परमिट काढावं लागतं, ताशी ८० ची स्पीड लिमिट आहे आणि वाळूच्या टेकड्यांवर गाडी घालायची नाही. थ्रिल कमी झालं म्हणून तिथे कुणी जायचं थांबलेलं नाही. भंडारदऱ्यात तर इतकंही नको. अंधारात एका ठिकाणाच्या पुढे स्वतःची गाडी नाही, एवढं एक झालं तरी पुष्कळ. वनखात्याने आणि गावांनी मिळून जीपची पाळी लावली, दर ठरवून दिला, तर माझ्यासारखे लोक आनंदाने रांगेत उभे राहतील. आपण सिनेमाला राहतोच की.

तुमच्याकडे थार आहे आणि ती चिखलात घालायचीच आहे? घाला ना. पण आखलेल्या ट्रॅकवर किंवा ऑफ-रोड क्लबबरोबर, दिवसाढवळ्या. आपल्याकडे हे कल्चर नवीन नाही, महिंद्राच्या ‘ग्रेट एस्केप’ रॅली १९९६ पासून चालू आहेत. तलावाचा तळ आणि काजव्यांचं गवत हे ट्रॅक नाहीत, इतकंच.

कसं जाल? पुण्याहून नारायणगाव, आळेफाटा, संगमनेर, अकोले, राजूर, शेंडी. आरामात जायचं तर पाच तास धरा. मुंबईकरांनी इगतपुरी, घोटी, बारीमार्गे यावं. २०२५ मध्ये समृद्धी महामार्गाचा इगतपुरी ते आमणे हा शेवटचा टप्पा सुरू झाला, तेव्हापासून कसारा घाटाचं टेन्शन राहिलेलं नाही. ट्रेनने इगतपुरीला उतरून पुढे गाडी करता येते. जमलं तर शनिवार टाळा, एक सीएल टाका आणि मंगळवार-बुधवारी या. राहायला गावातली घरं आणि तंबू मिळतात, पण आधी फोन करून ठेवा. रात्रीच्या प्रवेशाच्या वेळा दर सीझनला बदलतात, त्याही तेव्हाच विचारून घ्या. पूर्ण बाह्यांचे गडद कपडे, पायात बूट आणि टॉर्च लागलाच तर त्यावर लाल जिलेटिन पेपर. पाऊस लागला की काजवे संपले. मग रंधा फॉल बघायला या, त्याला हेडलाइटचं काही वावडं नाही.