ब्रेकमधली हवा आणि ब्रेकमधले पाणी

ब्रेकचे पॅडल सैल भिजवलेल्या कणकेच्या गोळ्यासारखे पायाखाली दबू लागले, म्हणजे मोटारमालक गाडी गॅरेजात नेतो, तेथील कारागीर चारही चाकांवरून हवा काढून देतो, पॅडल पुन्हा टणक लागते, आणि काम पुरे झाले असे उभयपक्षी मानले जाते. हा शिरस्ता इतका सार्वत्रिक आहे की, त्यात काही उणे राहते असे म्हणणाऱ्यालाच आपली बाजू सविस्तर मांडणे भाग आहे. गेली कित्येक वर्षे मी माझ्या प्रीमियर पद्मिनीचे हे काम चिपळूणच्या घरी, अंगणातल्या फरशीवर, पत्नीच्या साहाय्याने स्वतः करीत आलो आहे, आणि त्या अनुभवाअंती माझे मत असे बनले आहे की, ब्रेकमधली हवा पायाला तत्काळ कळते म्हणून ती त्यातल्या त्यात सौम्य; खरे भय आहे ते ब्रेकमधल्या पाण्याचे, कारण त्याची वर्दी पायाला मिळतच नाही.

या यंत्रणेच्या मुळाशी असलेले तत्त्व ब्लेझ पास्कल या फ्रेंच गणितज्ञाचे. बंदिस्त द्रवावर एके ठिकाणी दिलेला दाब त्या द्रवात सर्वत्र सारख्याच प्रमाणात पोहोचतो, हे सांगणारा त्याचा प्रबंध त्याच्या मृत्यूनंतर, १६६३ साली प्रसिद्ध झाला. मोटारी आल्या तेव्हा त्यांचे ब्रेक सळया आणि तारा यांनी ओढले जात, आणि चार चाकांची ओढ एकसारखी राखणे हे मोठे जिकिरीचे काम असे; एक तार जराशी ढिली पडली की गाडी थांबताना एका बाजूला खेचली जाई. माल्कम लॉकहीड या अमेरिकी संशोधकाने तारांच्या जागी द्रव आणला, आणि १९२१ सालच्या ड्युसेनबर्ग मोटारीत चारही चाकांना द्रवाचे ब्रेक लाभले. वालचंद हिराचंद यांनी १९४४ साली स्थापन केलेल्या प्रीमियर ऑटोमोबाईल्सच्या कुर्ल्याच्या कारखान्यातून पुढे जी पद्मिनी बाहेर पडली, तिच्यातही हीच व्यवस्था आहे. पॅडल मास्टर सिलिंडरमधल्या पिस्टनला ढकलते, तो ऑइलला ढकलतो, ऑइल नळ्यांतून चाकापाशी जाऊन व्हील सिलिंडरमधले पिस्टन बाहेर लोटते, आणि ते ब्रेकशूंना ड्रमच्या आतल्या कडेवर दाबून धरतात. द्रव दाबाने जवळजवळ आकुंचन पावत नाही, या एकाच गुणावर ही सारी इमारत उभी आहे. नळीत हवेचा बुडबुडा शिरला तर पायाचा जोर तो बुडबुडा दाबण्यातच खर्ची पडतो आणि चाकापर्यंत पोहोचतो तो केवळ उर्वरित अंश.

पॅडलच्या तक्रारी मात्र सगळ्या हवेच्याच असतात असे नाही, आणि पान्हा हाती घेण्यापूर्वी त्यांचा निवाडा करावाच लागतो. पॅडल खोल जाते, पण लागोपाठ दुसऱ्यांदा दाबले असता वर येऊन टणक लागते, तर बहुधा शू झिजून ड्रमपासून दूर गेलेले असतात आणि त्यांची जुळणी करणे हाच उपाय असतो; अशा गाडीची हवा कितीही काढली तरी पॅडल खोलच राहणार. पॅडल दाबताना लवचिक लागते आणि पंपिंग करीत गेल्यावर वर चढते, तर नळीत हवा आहे. आणि पाय स्थिर दाबून धरला असता पॅडल सावकाश खाली सरकत राहिले, तर कोठेतरी गळती आहे किंवा मास्टर सिलिंडरमधला रबरी वॉशर निकामी झाला आहे; त्या गाडीने घराबाहेर पडू नये, हे मी निक्षून सांगेन. माझ्या जुन्या पद्मिनीत पायाच्या मदतीला निर्वाताचा बूस्टर नाही, त्यामुळे या साऱ्या वार्ता पायाला विनामध्यस्थ मिळतात. ज्यांच्या गाडीला बूस्टर आहे त्यांनी इंजिन बंद ठेवून, पॅडल अनेकदा दाबून साठलेला निर्वात आधी संपवावा आणि मगच पायाच्या साक्षीवर विसंबावे.

आता पाण्याविषयी. आपण ज्याला ब्रेक ऑइल म्हणतो ते खनिज तेल नव्हे. ते ग्लायकॉल वर्गातील रसायनांचे मिश्रण असून हवेतील ओलावा शोषून घेणे हा त्याचा स्वभावच आहे. ऑइलच्या टाकीच्या झाकणातल्या बारीक छिद्रातून, रबरी होजच्या भिंतींतून हा ओलावा आत झिरपत राहतो. आणि कोकणात, जेथे जून ते सप्टेंबर कपाटातल्या पुस्तकांनाही बुरशी धरते, तेथे या झिरपण्याला वेगळे आमंत्रण लागत नाही. हे पाणी ऑइलमध्ये पूर्ण विरघळते. त्याचा थेंब दिसत नाही आणि पॅडल मऊ होत नाही, कारण पाणीही द्रवच असल्याने दाबाखाली तितकेच ठाम राहते. बदलतो तो फक्त उत्कलनबिंदू. डॉट-३ प्रतीचे ताजे ऑइल किमान २०५ अंश सेल्सिअसपर्यंत उकळू नये, असे अमेरिकी मानक आहे. त्याच ऑइलने सुमारे ३.७ टक्के पाणी प्यायल्यावर ही किमान मर्यादा १४० अंशांवर येते. डॉट-४ साठी हेच आकडे २३० आणि १५५ आहेत. शंभर भागांत चार भागही नव्हे एवढ्या पाण्याने पासष्ट ते पंचाहत्तर अंशांची ही घसरण होते, आणि सपाट रस्त्यावर गावातल्या गावात गाडी चालविणाऱ्याला तिचा पत्ताही लागत नाही.

पत्ता लागतो तो घाटात. चिपळूणकरांना कराडहून परतताना कुंभार्ली घाट उतरावा लागतो. सुमारे हजार किलो वजनाची गाडी पाचशे मीटर खाली येते तेव्हा जवळजवळ ४९ लाख जूल ऊर्जा कोठेतरी जिरवावी लागते. एवढ्या ऊर्जेत तीस अंशांचे सोळा लिटरहून अधिक पाणी उकळीला येईल. त्यातील काही वाटा हवेचा विरोध उचलतो, मोठा वाटा योग्य गिअर ठेवल्यास इंजिन उचलते. पण जो चालक पेट्रोल वाचविण्याच्या चुकीच्या हिशेबाने गाडी न्यूट्रलमध्ये सोडतो, तो जवळजवळ सारा भार चार ड्रमांवर टाकतो. ड्रम तापतात, उष्णता शू आणि व्हील सिलिंडरमार्गे ऑइलपर्यंत येते, आणि त्यातले पाणी वाफ होऊ लागते. वाफ म्हणजे वायू, आणि वायू दाबला जातो. सकाळी अंगणात टणक लागलेले पॅडल मधल्या वळणावर तळाला जाते, आणि गाडी थंड झाल्यावर पुन्हा टणक लागते, कारण वाफ विरून गेलेली असते. नंतर तपासणाऱ्या कारागिराला कोणताही दोष सापडत नाही. म्हणूनच माझे म्हणणे असे की, ब्रेकचे ऑइल पॅडल पाहून बदलण्याची वस्तू नव्हे, ते तारीख पाहून बदलण्याची वस्तू आहे. दोन वर्षे ही मुदत सर्वसाधारणपणे सांगितली जाते, आणि समुद्रालगतच्या दमट प्रदेशात मी ती कमाल मर्यादा समजतो. रंगावरही विसंबू नये; जुने ऑइल काळपट होते हे खरे, पण ओलावा शोषलेले ऑइल दिसायला स्वच्छही असू शकते. यासाठी गाडीची वही ठेवावी आणि तीत ऑइलची प्रत व तारीख लिहावी.

हवा आणि पाणी यांतला हा फरक एकदा ध्यानात घेतला म्हणजे काम करण्याची पद्धतही बदलते. केवळ हवा काढणारा बुडबुडे थांबताच पान्हा खाली ठेवतो. ऑइल बदलणारा त्यानंतरही प्रत्येक चाकाशी बसून राहतो, जोवर नळीतून नवे ऑइल येऊ लागत नाही तोवर. घरी काम करण्याचा लाभ मला दिसतो तो येथेच. गॅरेजात दुसरी गाडी खोळंबलेली असते. अंगणात कोणी खोळंबलेले नसते.

तयारी आदल्या संध्याकाळी सुरू होते. व्हील सिलिंडरवरचे हवा काढण्याचे, म्हणजे ब्लीडिंगचे, निपल पोकळ असते आणि गंजलेल्या अवस्थेत जोर केल्यास तुटते. म्हणून भोवतीची माती तारेच्या ब्रशने काढून त्यावर गंज सोडविणारे तेल रात्रभर मुरू द्यावे, आणि सकाळी नेमक्या मापाचा रिंग पान्हाच वापरावा, कारण उघड्या तोंडाचा पान्हा निपलचे कोन गोल करून टाकतो. गाडी सपाटीवर उभी करून चाकांना उटी लावावी, जॅकने उचललेली बाजू स्टँडवर ठेवावी, नुसत्या जॅकवर उचललेल्या गाडीखाली हातही घालू नये. टाकीतले जुने ऑइल पिचकारीने शक्य तेवढे ओढून घेऊन सीलबंद डब्यातले नवे ऑइल भरावे. उघडून महिनोन्महिने फडताळात पडलेला डबा स्वस्त वाटला तरी त्याज्य समजावा; त्याने आपला ओलावा आधीच पिऊन घेतलेला असतो. ऑइल रंगावर सांडले तर रंग सोलून काढते, म्हणून मडगार्डवर फडके आणि शेजारी पाण्याची बादली हवी. डोळ्यांवर चष्मा हवाच.

माझ्या गाडीत सर्वांत लांब नळी मागच्या डाव्या चाकाची. तेथून आरंभ करून मागचे उजवे, पुढचे डावे आणि शेवटी चालकाजवळचे पुढचे उजवे, असा क्रम लागतो. निपलवर पारदर्शक नळी बसवून तिचे दुसरे टोक थोड्या नव्या ऑइलने भरलेल्या बाटलीत बुडवून ठेवायचे, म्हणजे उलट हवा ओढली जाण्याचा प्रश्न उरत नाही. नळी निपलपासून आधी वरच्या दिशेने न्यावी. हवा वर चढते, आणि कारखान्यातल्या माणसांनीही निपल सिलिंडरच्या माथ्याशी ठेवले आहे ते याच विचाराने.

यापुढचे काम दोघांचे. पत्नी चालकाच्या जागी बसते, मी चाकाशी. मी म्हणतो, "दाब." ती पाय सावकाश दाबून म्हणते, "दाबलं." मी निपल अर्धा फेरा सैल करतो, नळीतून ऑइल वाहते, तिचा पाय खाली जातो. "आलं खाली," असे ती म्हणाली की मी निपल आवळतो, आणि त्यानंतरच म्हणतो, "सोड." या साऱ्या विधीत अनुल्लंघनीय असा हुकूम हा एकच आहे: निपल बंद होईपर्यंत पाय उचलायचा नाही. तो क्षणभर आधी उचलला गेला तर मास्टर सिलिंडर आट्यांभोवतालची हवा आत ओढून घेतो, आणि मग तासाभराचे श्रम वाया जातात. चार वेळा दाबून झाले की टाकी पाहायची, कारण ती रिकामी झाली तर हवा वरूनच उतरते आणि पहिल्या चाकापासून पुनश्च आरंभ करावा लागतो.

पॅडलवरचा माणूस म्हणजे कोणीही बसवावा, असे लोकांना वाटते. मला ते मान्य नाही. चाकाशी बसलेल्याला फक्त त्या चाकाचे ऑइल दिसते. साऱ्या यंत्रणेची स्थिती कळते ती पॅडलवरच्या पायाला. एकदा मागच्या उजव्या चाकाची नळी स्वच्छ वाहू लागली, बुडबुडा दिसेना, आणि मी पुढच्या चाकाकडे निघालो असता आतून आवाज आला, "अहो, थांबा. सोडताना अजून जरा उसळतंय." मी पान्ह्याने व्हील सिलिंडरवर हलकेच ठोकले, तिने पुन्हा दाबले, आणि नळीतून एक चांगला टपोरा बुडबुडा निघून गेला. तिला हे कोणी शिकविले नव्हते. हळू आणि सारख्या गतीने दाबणे, घाईघाईने पंपिंग करून हवेचा चुरा न करणे, आणि प्रत्येक वेळी पायाला काय लागले ते नेमक्या शब्दांत सांगणे, हे कसब तिने स्वतः कमावले आहे, आणि आमच्या कामातला अवघड वाटा तोच आहे, असे मी मनापासून मानतो. आम्ही पॅडलखाली लाकडाचा एक ठोकळा ठेवतो, तो मास्टर सिलिंडरच्या काळजीपोटी. जुन्या सिलिंडरच्या ज्या भागात पिस्टन रोज पोहोचत नाही तेथे गंजाचे खड्डे पडलेले असू शकतात, आणि पॅडल पूर्ण तळाला नेल्यास नाजूक रबरी वॉशर त्या खड्ड्यांवर घासून फाटतो.

नव्या गाड्यांविषयी एक इशारा द्यावासा वाटतो. ज्यांत ब्रेकची दोन स्वतंत्र मंडले एक पुढचे चाक आणि त्याच्या तिरक्या बाजूचे मागचे चाक अशी वाटलेली असतात, त्यांचा क्रम वेगळा असतो. तो त्या गाडीच्या पुस्तिकेतूनच घ्यावा. एबीएस असलेल्या काही गाड्यांत झडपांच्या आत अडकलेली हवा काढण्यासाठी संगणकाने पंप फिरवावा लागतो, आणि तेथे अंगणातल्या दोन माणसांचे कौशल्य अपुरे पडते. सिलिकोनचे डॉट-५ ऑइल ग्लायकॉलच्या ऑइलात कदापि मिसळू नये. इंजिनाचे किंवा अन्य खनिज तेल चुकूनही टाकीत पडले तर रबरी वॉशर फुगतात आणि साऱ्या यंत्रणेचे रबर बदलण्यावाचून गत्यंतर राहत नाही.

चारही निपले बेताने आवळून, त्यांवर रबरी टोप्या चढवून, टाकी खुणेपर्यंत भरून झाली की पत्नी पॅडल पूर्ण जोराने दाबून धरते आणि मी कंदील घेऊन प्रत्येक जोड पाहतो. कोठेही ओल नसेल तरच गाडी रस्त्यावर न्यायची, आणि तीही प्रथम रिकाम्या गल्लीत, चालण्याच्या वेगाने. घाटाची पाळी त्यानंतर.

राहता राहिले बाटलीत साठलेले जुने ऑइल. ते पाण्यात सहज मिसळते, म्हणून गटारात ओतले तर आमच्याकडे ते वाशिष्ठी नदीत जाते. आणि वापरलेल्या इंजिन ऑइलच्या पिंपात ते मिसळलेले जमा करणाऱ्यांना चालत नाही. मी ते वेगळ्या बाटलीत भरतो, तीवर ठळक अक्षरांत नाव लिहितो, मुलांच्या हाती लागणार नाही अशा जागी ठेवतो, आणि निरुपयोगी रसायने स्वीकारणाऱ्या माणसाकडे पुढच्या खेपेस पोहोचविण्याची तजवीज करतो. मग वहीत तारीख लिहिली जाते. ती पत्नीच्या अक्षरात.