राबणारे हात

हस्तसामुद्रिकावर आमचा विश्वास नाहीं. पुढें काय घडेल तें तळहातावर लिहिलेलें असतें, हें आम्हांस कधीं पटलें नाहीं. मागें काय घडलें तें मात्र तेथें वाचतां येतें. गोदाकांठच्या गंगाखेडची जनाबाई आमच्याच जिल्ह्याची. पांडुरंग तिला दळूं लागला ही कथा घरोघरीं सांगतात; पण जात्याच्या खुंट्यानें त्या दासीच्या हाताला किती घट्टे पडले असतील, याची विचारपूस कथा ऐकणारांपैकीं क्वचितच कोणी करतो.

पिठाच्या गिरण्या आल्या आणि ते घट्टे गेले. परभणीच्या काळ्या रानांतली कापसाची वेचणी मात्र अजून बहुतेक हातानेंच, आणि तीहि बायकांच्या हातानें, होते. उकललेल्या बोंडाचीं टोकें वाळून कांट्यासारखीं कडक होतात. कंबरेला ओटी बांधून दिवसभर वेचणाऱ्या बाईचीं पेरें प्रथम ओरबाडतात, मग निबर होतात. विळा, खुरपें आणि धुण्याचा सोडा उरलेलें काम करतात.

याच पेरांवरून सरकार आज माणूस ओळखूं पाहतें. ही कल्पना कांहीं परदेशांतून आलेली नव्हे. १८५८ सालीं बंगालमध्यें विल्यम हर्शेल या इंग्रज अधिकाऱ्यानें रस्त्याच्या सामानाच्या करारावर राज्यधर कोनाई या कंत्राटदाराच्या पंजाचा ठसा घेतला. हेतु एवढाच, कीं त्यानें पुढें शब्द फिरवूं नये. २०१० सालीं आधारचा पहिला क्रमांक मिळाला तो नंदुरबार जिल्ह्यांतील टेंभली गांवच्या रंजना सोनवणे यांना.

आमच्या ओळखीच्या एका वृद्ध वेचणारणीचा अंगठा रेशन दुकानांतल्या यंत्रानें चार वेळां नाकारला. दुकानदार म्हणाला, "आजी, हात धुऊन या." हात स्वच्छच होता. नियमांत दुसऱ्या वाटा आहेत. बुबुळावरून किंवा मोबाईलवर येणाऱ्या आंकड्यावरून ओळख पटवितां येते. पण त्या सांगणारें कोणी जवळ असावें लागतें. शास्त्र म्हणतें, झिजते ती वरची कातडी. रेषांचें मूळ खालच्या थरांत शाबूत असतें, आणि हाताला विसांवा मिळाला तर त्या पुन्हां उमटतात. वेचणीच्या हंगामांत विसांवा म्हणजे बुडालेली मजुरी! लेखणीखेरीज कांहीं न धरणाऱ्या आमच्या बोटांचा ठसा मात्र यंत्र पहिल्याच खेपेस घेतें.

पुढच्या महिन्यांत आजीबरोबर नात आली. शिधापत्रिकेवर तिचेंहि नांव होतें. तिचा अंगठा लागला आणि धान्य मिळालें. मुलगी परभणीस कॉलेजांत शिकते. वेचणीला अजून लागलेली नाहीं.